सामाईक विहीर
आमच्या धाराशिवकडे एका विहिरीवर चार भावांचे मळे भिजतात. विहीर बिघडली की चारही घरे हवालदिल! संगणकातली ‘डीएलएल’ फाइल अशीच सामाईक. एकीवर अनेक प्रोग्रॅम चालतात. ती हरवली, तर कुठल्याही अनोळखी वेबसाइटवरून उचलून आणू नका. मूळ कंपनीकडून तो प्रोग्रॅमच पुन्हा बसवा, हे मी बँकेतल्या सवयीने सांगतो.

अर्थात मूळ ठिकाणीही पहारा हवाच. मार्च २०२४ मध्ये लिनक्सवरच्या ‘एक्सझेड’ या सामाईक लायब्ररीत कुणी चोरवाट ठेवल्याचे उघड झाले. लॉगिनला अर्धा सेकंद जास्त का लागतो, एवढ्या शंकेवरून आंद्रेस फ्रॉइंड या अभियंत्याने ती शोधली. मोठा घात टळला.

तेव्हा वाचकहो, यंत्र अडखळले की नुसते वैतागू नका. का अडखळले, ते विचारा.