हार घालावा, पण पानाही हाती द्यावा



गुरुजींनी परवा आम्हाला 'डॉक्टर हू' या मालिकेतली गोष्ट सांगितली. इंग्लंडमध्ये बीबीसीने ही मालिका १९६३ साली सुरू केली. तिच्यात 'टाइम लॉर्ड' म्हणजे काळावर सत्ता असलेले लोक आहेत. त्यांच्या रॅसिलॉन नावाच्या पूर्वजाने एका कृष्णविवराचा गाभा पकडून आणला नि आपल्या ग्रहाच्या वस्तुमानाशी त्याचा तोल साधला. त्याचे नाव 'आय ऑफ हार्मनी'. त्याच्याच बळावर त्यांचं सारं जग स्थिर राहतं.

पण १९७६ सालच्या 'द डेडली असॅसिन' या कथेत गंमत आहे. हा गाभा आपल्याच सभागृहाखाली आहे, हे लोक विसरून गेले! त्याची किल्ली नि पट्टा अध्यक्षांनी मिरवायच्या वस्तू झाल्या. त्यांचा खरा उपयोग ओळखला एका दुष्टाने. तो गाभा मोकळा करायला गेला आणि अर्धं शहर ढासळलं.

मला वाटतं, चूक एकट्या दुष्टाची नव्हे, विसरणाऱ्यांचीही आहे. आम्हीसुद्धा खंडेनवमीला विहिरीवरच्या इंजिनाला हार घालतो. गेल्या उन्हाळ्यात ते बंद पडलं. आजोबा परगावी, आणि बाकी कुणालाच काही कळेना. दोन दिवसांत मिरची सुकली. आजोबांनी येऊन डिझेलच्या नळीतली हवा काढली, नि इंजिन धडधडलं!

म्हणून माझे मत असे की, हार जरूर घालावा. पण मुलांच्या, आणि मुलींच्याही, हाती पाना द्यावा. पालकहो, "तू लांब हो" म्हणू नका. आता आमच्या इंजिनाची हवा मीच काढते.

— इयत्ता सातवीतील एक विद्यार्थिनी