१५ ऑक्टोबरनंतर माल हलणार नाही

राज्य शासनास,

हे निवेदन नाही. निवेदने देऊन झाली.

निवेदनाची पोच मिळते. पोचेवर शिक्का असतो, शिक्क्यात तारीख असते. त्या पोचपावत्यांचा गठ्ठा आम्ही जपून ठेवला आहे.

आम्ही म्हणजे लातूर आणि नांदेडच्या मोंढ्यांतले हमाल, तोलाईदार, आडते, ट्रकवाले. आणि ज्यांचा माल आम्ही वाहतो, ते शेतकरी. एरवी आमचे आपसांत पटत नाही. हमालीवरून, आडतीवरून, भाड्यावरून रोज वाजते. या एका गोष्टीवर पटले आहे. याची नोंद घ्यावी.

आमचा धंदा वाहतुकीचा. आम्ही एका जगातून दुसऱ्या जगात माल नेतो. दोन्ही जगे एकाच राज्यात आहेत आणि एकाच वेळी चालू आहेत.

खोटे वाटत असेल तर २०१६चा उन्हाळा आठवा.

मार्चमध्येच लातुरात पाणी भरण्याच्या ठिकाणी कलम १४४ लागले. टाकीपाशी पाचाहून जास्त माणसे जमली तर गुन्हा. हातात दगड नव्हते. घागरी होत्या.

१२ एप्रिलला पहाटे मिरजेहून पहिली ‘जलदूत’ रेल्वेगाडी आली. दहा वाघिणी, सुमारे पाच लाख लिटर पाणी. वाघिणी राजस्थानातल्या कोट्याहून आणलेल्या, आतून वाफेने धुतलेल्या. स्टेशनाजवळच्या एका विहिरीत पाणी उतरवले. तिथून ते हरंगुळच्या जलशुद्धीकरण केंद्राकडे गेले. वाघिणी रिकाम्या होऊन परत फिरल्या. पुढे त्या पन्नास झाल्या, पाणी पंचवीस लाख लिटर.

दुसऱ्याच दिवशी, १३ एप्रिलला, मुंबई उच्च न्यायालयाला आदेश द्यावा लागला की ३० एप्रिलनंतरचे आयपीएलचे सामने राज्याबाहेर न्या. तिथे प्रश्न खेळपट्टीवर मारायच्या पाण्याचा होता.

त्याच दिवसांत धनेगावला मांजरा धरणाचा तळ उघडा पडला होता.

मिरजकरांचे आणि रेल्वे कामगारांचे उपकार आम्ही विसरलेलो नाही. त्यांच्याशी आमचे भांडण नाही. पण मे महिन्यात लातूरच्या जिल्हाधिकाऱ्यांकडे रेल्वेचे सुमारे चार कोटींचे बिल आले, हेही विसरलेलो नाही. पाणी सरकारी, गाडी सरकारी. तहान तेवढी आमची.

त्या वर्षी पुढे पाऊस झाला. मांजरा भरले. तुम्ही सुटलात.

४ ऑक्टोबर २०१६ला मंत्रिमंडळ संभाजीनगरात बसले. १६ सप्टेंबर २०२३ला पुन्हा बसले. दोन्ही वेळा हजारो कोटींचे आकडे जाहीर झाले. मधल्या काळात इस्रायलच्या मेकोरोट कंपनीला बोलावले. अकरा धरणे जोडणारी वॉटर ग्रिड कागदावर उतरली. उल्हास आणि वैतरणा खोऱ्यांतले पाणी गोदावरीत आणू, असेही सांगितले गेले. ते आम्ही ऐकले. शांतपणे ऐकले. टाळ्याही वाजवल्या.

२०१९ला मांजरा पुन्हा तळाला गेले. तेव्हाही आधी चर्चा निघाली ती गाडीचीच.

नांदेडचे दुखणे वेगळे आहे. तिथे गोदावरी दारातून जाते.

धर्माबाद तालुक्यात बाभळीचा बंधारा आहे. क्षमता २.७४ टीएमसी. २८ फेब्रुवारी २०१३ला सर्वोच्च न्यायालयाचा निकाल झाला. १ जुलै ते २८ ऑक्टोबर दरवाजे वर ठेवायचे. म्हणजे नदीला पाणी असते तेच चार महिने पाणी अडवायचे नाही. दरवाजे खाली येतात तोवर पूर तेलंगणातल्या पोचमपाड धरणाला गेलेला असतो. मागे जे साचेल त्यातून १ मार्चला ०.६ टीएमसी खाली सोडायचे.

दरवर्षी १ जुलैला अधिकारी येतात. दरवाजे एकेक करून उचलले जातात. काठावरचा शेतकरी उभा राहून पाहतो आणि घरी जातो. एकानेही दरवाजाला हात लावलेला नाही. निकाल आम्ही पाळला आहे.

तो बदलून घेण्यासाठी तेलंगणासोबत बसणे हे तुमचे काम होते.

गोदावरीवरच्याच जायकवाडी धरणाची गोष्ट थोडक्यात. समन्यायी पाणीवाटपाचा कायदा २००५चा. मेंढेगिरी समितीचे सूत्र २०१३चे. १५ ऑक्टोबरला जायकवाडीत ६५ टक्के साठा नसेल तर वरच्या धरणांतून पाणी सोडायचे. २०१६ला उच्च न्यायालयाने हे वाटप उचलून धरले. तरी तुटीच्या वर्षी पाण्यासाठी कोर्टाची पायरी चुकत नाही. आता तर ६५चा आकडाच खाली आणण्याची शिफारस आली आहे. पाणी वाढवता येत नाही, तेव्हा हक्क कमी करायचा.

पाणी नाही तर ऊस का लावता, असे आम्हाला विचारले जाते. प्रश्न रास्त आहे. साखर कारखान्यांचे परवाने मोंढ्यात मिळत नाहीत, एवढेच आमचे उत्तर.

आता आमच्या मालाबद्दल.

लातूरचे सोयाबीन आणि तूरडाळ. नांदेडची हळद, कापूस. अर्धापूरची केळी. हे सगळे रोज तुमच्या जगाकडे जाते. रात्रीची वाट, खराब रस्ता, डिझेलचा भाव, काहीही असो, जाते. त्याला कधी कलम लागले नाही. त्यासाठी कुणी समिती नेमली नाही.

वाहतूक इतकी वर्षे एकतर्फी चालली. आम्ही चालवली म्हणून चालली.

मुदत १५ ऑक्टोबर. तारीख आम्ही काढलेली नाही, तुमच्याच सूत्रातली आहे. त्या सुमारास मोंढ्यात सोयाबीनचे ढीग लागलेले असतात, हे तुम्हालाही माहीत आहे.

तोवर आम्हाला लेखी हवे ते असे. ६५ टक्क्यांचा आकडा हलणार नाही. तुटीच्या वर्षी पाणी कोर्टात न जाता सुटेल. बाभळीच्या वेळापत्रकासाठी तेलंगणासोबत बैठकीची तारीख. पश्चिमेचे पाणी गोदावरीत आणण्याच्या कामाचे वर्षवार वेळापत्रक, निधीच्या आकड्यासह आणि जबाबदार अधिकाऱ्याच्या सहीने.

तत्त्वतः मान्य, असे लिहू नये. तो शब्द गठ्ठ्यात पुष्कळ वेळा आहे.

उत्तर आले नाही तर १६ ऑक्टोबरला सकाळी काटे बंद होतील. सौदा निघणार नाही. कट्ट्याला हूक लागणार नाही. भरलेला ट्रक ताडपत्री बांधून आहे तिथे उभा राहील. लातूरच्या गंजगोलाईला सोळा रस्ते येऊन मिळतात. सोळाही शांत असतील.

घोषणा होणार नाहीत. काच फुटणार नाही. पोलिसांना फार काम पडणार नाही.

केळी सडतील. सोयाबीनचा भाव पडेल. हमालाची रोजी बुडेल. हे नुकसान आधी आमचे आहे. ते मोजूनच हे लिहितो आहोत. घरात धान्य किती दिवसांचे आहे, हेही प्रत्येकाने पाहून ठेवले आहे.

दवाखान्याची गाडी, दूध, शिकायला आलेल्या पोरांच्या बसगाड्या आणि पाण्याचे टँकर यांना कुणी अडवणार नाही.

शिष्टमंडळ मुंबईला येणार नाही. उत्तर दोन्ही जिल्हाधिकारी कार्यालयांच्या फलकावर लावावे. आमची माणसे रोज सकाळी दहाला तिथे जाऊन पाहतील.