बदलीचा हुकूम आणि न्यायाधिकरणाचें दार

गेल्या डिसेंबरांत आमच्या साताऱ्यांत, शेजारच्या बिऱ्हाडीं, एक कागद आला आणि तीन पिढ्यांचें तें घर एका सायंकाळांत हवालदिल झालें. घरचे कर्ते गृहस्थ राज्य शासनाच्या एका खात्यांत अधिकारी. येथें येऊन त्यांना पुरतीं दीड वर्षेंही झालीं नव्हतीं. 'प्रशासकीय कारणास्तव' त्यांची बदली नांदेडास केल्याचें त्या कागदांत लिहिलें होतें. वडील अर्धांगवायूनें अंथरुणास खिळलेले, मुलगी दहावीस, पत्नी येथल्याच शाळेंत शिक्षिका. आजीबाई म्हणाल्या, "न्यायाधीश झाला तरी माणूसच ना? त्याला पोरीची परीक्षा सांगा, म्हाताऱ्याचें दुखणें सांगा." सल्ल्यासाठीं मंडळी आमच्याकडे आली आणि आजीबाईंची निराशा करण्याचा प्रसंग आम्हांवर आला.

कारण न्यायालय नेमकें हेंच ऐकत नाहीं. शिलाँग येथें वनस्पति सर्वेक्षण खात्यांत उद्यानपाल असलेल्या एका गृहस्थांची बदली दूर हिमालयांतील पौडीस झाली होती. पत्नीची नोकरी शिलाँगलाच, मुलांचें शिक्षण तेथेंच, स्वतःस पाठीचें दुखणें. केंद्रीय न्यायाधिकरणानें ती बदली रद्द केली, पण १९९३ सालीं सर्वोच्च न्यायालयानें तो निर्णय फिरविला. पतिपत्नींस शक्यतों एका गांवीं ठेवावें, हें मार्गदर्शक तत्त्व अधिकाऱ्यांनीं ध्यानांत घ्यावें. परंतु तेवढ्यानें नोकरास हक्क प्राप्त होत नाहीं, असें न्यायालयाचें म्हणणें पडलें. निर्णय कठोर खरा. तरी त्यांतला तर्क आम्हांस खोडून काढतां येत नाहीं. ज्याच्या घरीं अडचण नाहीं असा नोकर कोठें सांपडावयाचा? प्रत्येकाची अडचण न्यायालयानें मानली, तर गडचिरोलीच्या दवाखान्यांत डॉक्टर कोण जाईल? मुलांच्या शिक्षणापुरती एक फट मात्र उघडी आहे. १९९४ सालीं मद्रासच्या शिक्षण खात्यांतील एका बदलीच्या प्रकरणांत, निकडीचें कारण नसतां वर्षाच्या मध्यें मुलांची शाळा मोडूं नये, म्हणून सर्वोच्च न्यायालयानें शैक्षणिक वर्ष संपेपर्यंत बदली थांबविली होती. वर्ष संपतांच बदली अर्थातच लागू.

वकिलांनीं आजोबांच्या दुखण्याची चौकशीच केली नाहीं. त्यांनीं विचारलें : या जागेवर रुजू केव्हां झालांत? हुकुमावर सही कोणाची? कारण कोठें लिहिलें आहे? घरच्या सूनबाईंस तें फार लागलें. परंतु खरें बळ त्या तीन प्रश्नांतच होतें. शिलाँगच्या गृहस्थांपाशीं केवळ मार्गदर्शक तत्त्व होतें. महाराष्ट्रांतील राज्य कर्मचाऱ्यांपाशीं कायदा आहे. बदल्यांचें विनियमन करणारा हा २००५ चा कायदा १ जुलै २००६ पासून लागू झाला. एका पदावर सामान्यतः तीन वर्षें. बदल्या वर्षांतून एकदां, एप्रिल किंवा मे महिन्यांत. आणि त्याआधीं कोणास उचलावयाचें तर विशेष कारण लेखी नोंदवून, वरच्या अधिकाऱ्याची मान्यता आधीं घेऊन. 'प्रशासकीय कारण' असे नुसते दोन शब्द लिहिल्यानें ही अट पुरी होत नाहीं.

आकसाचा आरोप मात्र सहजासहजीं करूं नये. तो सिद्ध करण्याचा भार आरोप करणाऱ्यावर असतो आणि तो भार फार जड आहे. तमिळनाडूचे मुख्य सचिव रोयप्पा यांनाही १९७३ सालीं तो पेलला नाहीं. निनावी तक्रारीवरून, शिक्षेऐवजीं केलेली बदली २००८ सालीं सर्वोच्च न्यायालयानें रद्द केली, पण तेथें कागदच बोलत होते.

राज्य कर्मचाऱ्यांनीं जावें तें महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे. तें १९९१ पासून आहे. मुंबई, नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथें त्याचीं पीठें आहेत. केंद्राच्या नोकरांस केंद्रीय न्यायाधिकरण. सरकारी बँका व महामंडळांच्या नोकरांस हा २००५ चा कायदा लागत नाहीं. त्यांचे सेवानियम वेगळे, आणि त्यांतील बहुतेकांस उच्च न्यायालयाची वाट धरावी लागते.

एक चूक फार महाग पडते. गुजरात विद्युत मंडळाचा एक अभियंता बदलीविरुद्ध निवेदन देऊन घरीं बसला, नव्या जागीं हजर झालाच नाहीं. नोकरी गेली, आणि १९८९ सालीं सर्वोच्च न्यायालयानें ती जाणें योग्य ठरविलें. स्थगिती हातीं नसेल तर निवेदन म्हणजे रजा नव्हे.

हें ऐकून शेजारच्या गृहस्थांनीं दोन्ही कामें केलीं. मुलीच्या परीक्षेचें व वडिलांच्या आजाराचें निवेदन वरिष्ठांस दिलें, कारण त्या गोष्टींची जागा तेथेंच. कायद्याच्या मुद्द्यांवर मुंबईस अर्ज केला. पहिल्या तारखेस स्थगिती मिळाली नाहीं. बदलीची मूळ फाइल मात्र पुढच्या तारखेस मागविण्यांत आली. त्याच रात्रीं आजीबाईंनीं लाडवांचा डबा बांधून दिला, आणि गृहस्थ मुदतीच्या आंत नांदेडास हजर झाले.