मारामारीमागचे आईबाप

भिलाईत पोलाद कारखान्यातली पाळी संपवून बाबा हुडकोतल्या घरी परततात, तो कानी पडते गेमची धडाधड! पडद्यावर गोकू, नारुतो आणि लुफी एकमेकांना बडवत असतात. तीन निरनिराळ्या जपानी चित्रकथांतले हे नायक २०१९ च्या ‘जंप फोर्स’ या गेममध्ये एकत्र आले. मुलगा रंगून जातो, आई वैतागते.

पण याच नायकांचे चित्रपट मुलाशेजारी बसून पाहिले, तर आईबाबाच विचारात पडतील. ‘ड्रॅगन बॉल सुपर: ब्रोली’ (२०१८) घ्या. गोकूशी झुंजणारा ब्रोली मुळात दुष्ट नाहीच. ओसाड ग्रहावर बापाने त्याला स्वतःच्या सूडासाठी वाढवले, गळ्यात विजेचा झटका देणारा पट्टा अडकवला. तिथल्या एका अजस्र जनावराशी त्याची गट्टी जमली, तर बापाने गोळी झाडून त्या जनावराचा कानच उडवला. का, तर मैत्री झाली की सराव बुडतो! परीक्षेच्या नावाखाली आपल्याकडेही मुलांचे सवंगडी तुटतातच की.

‘रोड टू निन्जा’त (२०१२) अनाथ नारुतो अशा जगात जातो, जिथे त्याचे आईवडील जिवंत आहेत. सुरुवातीला तो त्यांच्यापासून फटकूनच राहतो. ‘वन पीस फिल्म रेड’ (२०२२) ही लुफीची बालमैत्रीण, गायिका उता आणि तिला सोडून गेलेल्या बापाची गोष्ट. तो का गेला, ते इथे सांगणे बरे नव्हे.

मारामारी तिन्हींत आहे, तेव्हा लहानग्यांना एकटे बसवू नये. रविवारी जेवणे उरकली की ‘ब्रोली’पासून सुरुवात करावी.