लोण्याचा भाव भुकटीच्या गोणीत

लोणी आणि दूधभुकटी ही एकाच दुधाची दोन अपत्ये. क्रीम सेपरेटरमधून दूध फिरले की एका तोटीतून साय आणि दुसरीतून स्किम दूध बाहेर पडते. सायीचे लोणी होते, लोण्याचे तूप होते आणि स्किम दूध भुकटीच्या प्लँटकडे जाते. एक हवे आणि दुसरे नको, अशी सोय या धंद्यात नाही. तरीही लोणी-तुपाच्या बाजाराची चर्चा बहुतेक वेळा सणासुदीची मागणी, दुकानातली टंचाई आणि छापील किंमत एवढ्यावरच थांबते. गेल्या पाच-सहा वर्षांतली देशातील बाजाराची चाल पाहिली, तर लोण्याच्या भावाचे बरेचसे कारण भुकटीच्या गोदामात सापडते.

हिशेब साधा आहे. ३.५ टक्के फॅट आणि ८.५ टक्के एसएनएफ (फॅट वगळता उरणारे घन घटक) असलेल्या शंभर लिटर गायीच्या दुधातून, तूट वजा जाता, सुमारे सव्वाचार किलो लोणी आणि पावणेनऊ किलोच्या आसपास भुकटी निघते. २०२३ च्या सुरुवातीला गायीच्या लोण्याचा घाऊक भाव किलोला साधारण ४२५ रुपये आणि भुकटीचा ३१५ रुपये होता. म्हणजे शंभर लिटरचे लोणी १,८०० रुपयांचे आणि भुकटी २,७०० रुपयांच्या थोडी पुढे. एकूण सुमारे ४,५०० रुपये. २०२४ च्या मध्यावर लोणी ३४० च्या आणि भुकटी २०५ च्या घरात आली. त्याच शंभर लिटरचे आता ३,२०० रुपयांच्या आसपासच होऊ लागले. ही जी १,३०० रुपयांची घसरण झाली, तिच्यातला जवळपास तीन-चतुर्थांश भाग एकट्या भुकटीचा आहे. वाहतूक, वाफ, वीज आणि व्याज यांचा खर्च यातून वजा केला की महाराष्ट्रात उत्पादकाला लिटरमागे मिळणारा ३६ ते ३८ रुपयांचा दर २६-२८ वर का आला, ते वेगळे सांगावे लागत नाही.

या घसरणीची मुळे २०२० मध्ये जातात. टाळेबंदीत हॉटेले, हलवाई आणि आचारी यांची मागणी एका रात्रीत थांबली. राज्यात गायीच्या दुधाचा दर १८-२० रुपयांपर्यंत उतरला, रस्त्यावर आंदोलने झाली आणि शासनाने रोज १० लाख लिटर अतिरिक्त दूध २५ रुपयांनी घेऊन भुकटी-लोण्याकडे वळवले. गोठ्यातला परिणाम मात्र उशिरा दिसला. पडत्या भावात पेंड आणि खुराक कमी होतो, कालवडींची हेळसांड होते. संकरित कालवड पहिल्यांदा दुधाला यायला अडीच-तीन वर्षे लागतात; २०२० मध्ये न जोपासलेली कालवड २०२२-२३ मध्ये दुधावर नसते. त्याच सुमारास, २०२२ मध्ये, राजस्थान, गुजरात आणि महाराष्ट्रात जनावरांच्या लम्पी त्वचारोगाची साथ आली. हॉटेले पूर्ववत सुरू झालेली, दूध कमी आणि कोल्ड स्टोअरेजमधला लोण्याचा साठा संपलेला. त्या दिवाळीच्या सुमारास अनेक शहरांत टेबल बटरची पाकिटे मिळेनाशी झाली. एप्रिल २०२३ मध्ये केंद्राच्या पशुसंवर्धन व दुग्धव्यवसाय विभागाने गरज पडल्यास लोणी-तूप आयात करण्याची भाषा केली. शरद पवार यांनी केंद्रीय मंत्री परशोत्तम रुपाला यांना पत्र लिहून तिला विरोध केला. आयातीची वेळ आली नाही. चांगल्या भावाने गोठे पुन्हा भरले आणि वर्षभरातच प्रश्न टंचाईचा न राहता साठ्याचा झाला.

२०२४ च्या मध्यावर देशात सुमारे तीन लाख टन भुकटी पडून होती. इथे लोणी आणि भुकटी यांच्या वाटा वेगळ्या होतात. भुकटीला घरगुती गिऱ्हाईक जवळजवळ नाही. ती कृशकाळात, म्हणजे दूध कमी असण्याच्या दिवसांत, पुन्हा दूध करायला, आइस्क्रीमला, बिस्किटाला किंवा निर्यातीला जाते. जगात भाव पडले की तिचा शेवटचा रस्ताही बंद होतो. लोण्याच्या मागे मात्र तुपाचे घर आहे. उणे १८ अंशांखाली ठेवलेले लोणी वर्षाच्या आसपास टिकते, त्याचे तूप कढवले की शीतगृहाचीही गरज उरत नाही. अमेरिकेच्या कृषी खात्याच्या अंदाजानुसार भारतात तुपासह वर्षाला ६५ ते ७० लाख टन लोणी तयार होते. युरोपीय संघाचे उत्पादन वीस लाख टनांच्या थोडे पुढे आहे आणि जगातला सर्वांत मोठा निर्यातदार न्यूझीलंड पाच लाख टनांच्या आसपास आहे. एवढे लोणी भारत जवळजवळ सगळे स्वतःच खातो, आणि तेही बहुतांशी तुपाच्या रूपात. पुरणपोळीवरची धार आणि मोदकावरचा चमचा यांच्या मागणीला मंदी ठाऊक नाही, असे म्हटले तर फारशी अतिशयोक्ती होणार नाही. वरच्या हिशेबातही ते दिसते. २०२३ मध्ये दुधाच्या एकूण मोलात लोण्याचा वाटा ४० टक्के होता. २०२४ च्या पडत्या बाजारात तो ४५ टक्क्यांवर गेला. म्हशीच्या दुधात फॅट ६ टक्के असल्याने तिथे तो मुळातच मोठा असतो. दुधाचा भाव आता फॅट तोलून धरते आणि एसएनएफ खाली ओढते, ही बाजाराची खरी दिशा आहे.

फॅट महाग झाले की भेसळही वाढते. किलोभर लोण्यातून आठशे ते आठशे दहा ग्रॅम तूप उतरते; बाकी पाणी आणि बेरी. लोणी ३४० रुपये असेल तर किलोभर तुपात नुसत्या लोण्याचेच ४२० रुपये होतात. कढवणे, डबा आणि वाहतूक त्यावर. सप्टेंबर २०२४ मध्ये तिरुपतीच्या लाडवाच्या तुपावरून देशभर वादळ उठले आणि ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्वतंत्र विशेष तपास पथक नेमले. पुरवठ्याचा दर किलोला ३२० रुपयांच्या आसपास होता, हे तेव्हा सर्वांना कळले. कोणी काय मिसळले हा तपासाचा भाग; पण पांढऱ्या लोण्याचा निविदेच्या वेळचा भाव ज्याला ठाऊक होता, त्याला निविदेचा आकडा प्रयोगशाळेच्या आधीच बोलका वाटायला हवा होता. घाऊक खरेदी करणारी देवस्थाने, वसतिगृहे आणि मिठाईवाले यांनी तूप घेताना लोण्याचा भाव विचारला, तर अर्धी तपासणी तिथेच होते. किरकोळ बाजारात आणखी एक गफलत होते: एक लिटर तूप म्हणजे एक किलो नव्हे, ते ९०५-९१० ग्रॅम भरते, आणि लिटरच्या पिशवीची किलोच्या डब्याशी तुलना करणारे गिऱ्हाईक रोज फसते.

प्रयोगशाळेचीही आपली मर्यादा आहे. वनस्पती तुपात कायद्याने ५ टक्के तिळाचे तेल घालायला लावत, ते यासाठीच की साजूक तुपात वनस्पती मिसळले तर बोडुअँ चाचणीत आम्लाचा थर लालसर होऊन चोरी उघडी पडावी. आजचा भेसळ करणारा वनस्पतीच्या वाटेला जातोच असे नाही. आरएम (रायशर्ट-माइस्ल) मूल्य किमान २८ आणि ४० अंशांवरचे बीआर (ब्युटिरो-रिफ्रॅक्टोमीटर) वाचन ४० ते ४४ या चौकटीत बसेल असे मिश्रण तेले आणि चरब्या जुळवून करता येते. म्हणूनच ट्रायग्लिसराइडांचा आराखडा आणि वनस्पतिजन्य तेलांतले बीटा-सिटोस्टेरॉल पाहणाऱ्या चाचण्यांना महत्त्व आले आहे. याच्या उलट अडचण विदर्भ-सौराष्ट्रातल्या प्रामाणिक उत्पादकाची. सरकी आणि सरकीची पेंड खाणाऱ्या जनावराच्या तुपाचे आरएम उतरते आणि बीआर चढते, इतके की जुन्या नियमांत कापूसपट्ट्यासाठी वेगळ्या मर्यादा घालाव्या लागल्या होत्या. जनावराने काय खाल्ले हे न विचारता डब्यावर शिक्का मारणारा तपासनीस शुद्ध तूपही नापास करू शकतो.

‘ए-टू’ तुपाची गोष्ट निराळी. ए-वन आणि ए-टू हे बीटा-केसीन या प्रथिनाचे प्रकार आहेत आणि तुपात ९९.५ टक्के दुधाची चरबी असते, प्रथिन जवळजवळ नसते. अन्नसुरक्षा प्राधिकरणाने ऑगस्ट २०२४ मध्ये असे दावे काढून टाकायला सांगितले आणि पाच दिवसांतच तो आदेश मागे घेतला. देशी गायीच्या दह्यातले लोणी घुसळून कढवलेल्या तुपाला चव आहे, वास आहे, मेहनतही आहे. त्याचा भाव त्यावरच मागावा, प्रथिनाच्या नावावर नव्हे. कणीदार तुपाची महाराष्ट्राची आवड जुनी आहे. कढवलेले तूप २८-३० अंशांवर निवांत ठेवले की रवा चांगला धरतो आणि म्हशीच्या तुपात तो अधिक ठसठशीत येतो. पिवळेपणा मात्र गायीच्या कॅरोटीनचा.

करातला बदल उशिरा आला. जुलै २०१७ पासून लोणी आणि तुपावर १२ टक्के वस्तू व सेवा कर होता, तर वनस्पती आणि खाद्यतेलांवर ५ टक्के. खरे महाग आणि नकली स्वस्त करणारी ही रचना आठ वर्षे टिकली. २२ सप्टेंबर २०२५ पासून लोणी-तूपही ५ टक्क्यांत आले. अमूलने शंभर ग्रॅम लोण्याचे पाकीट ६२ वरून ५८ रुपयांवर आणि लिटरभर तूप ४० रुपयांनी उतरवून ६१० वर आणले; गणित केले तर करातली जवळपास सगळी सवलत त्यात दिसते.

निर्यातीत फॅटने नाव घ्यावे असे काम केले. २०२५ च्या पहिल्या सहामाहीत जागतिक लिलावात लोणी टनाला ७,५०० डॉलरच्या पुढे गेले. भारतीय लोणी त्या मानाने स्वस्त पडले आणि देशाची दुग्धपदार्थ निर्यात २०२३-२४ मधील सुमारे २७ कोटी डॉलरवरून २०२४-२५ मध्ये ४९ कोटी डॉलरपर्यंत वाढली. ही खिडकी कायम उघडी राहील असे धरून कोणी प्लँट उभारू नये. त्या वर्षाच्या अखेरीस जागतिक भाव उतरलेच. आत येणाऱ्या मालावर ४० टक्के आयातशुल्क आहे आणि डिसेंबर २०२५ मध्ये जाहीर झालेल्या न्यूझीलंडबरोबरच्या मुक्त व्यापार करारातही देशी बाजारासाठीचे लोणी आणि चीज बाहेरच ठेवले गेले.

दूध खरेदीच्या दरपत्रकात मात्र फॅटचे हे बदललेले मोल अजून नीट उतरलेले नाही. जानेवारी २०२४ मधील लिटरमागे ५ रुपयांच्या अनुदानासाठी राज्याने ३.२ फॅट आणि ८.३ एसएनएफच्या दुधाला किमान २७ रुपयांची अट घातली. जुलैपासून ३.५/८.५ ला ३० रुपये आणि वर ५. ऑक्टोबरपासून २८ आणि वर ७. ३.५/८.५ चे दूध ३.२/८.३ वर आले, तर शंभर लिटरमागे सुमारे ३६० ग्रॅम लोणी आणि २०० ग्रॅम भुकटी कमी निघते. २०२४ च्या मध्यावरच्या भावाने लिटरला दीड रुपयापेक्षा थोडे अधिक, आणि त्यातले सव्वा रुपया फॅटचे. दूध संघाच्या दरपत्रकातली पॉइंटमागची वजावट या आकड्याशी ताडून पाहता येते. वजावट त्याहून जास्त असेल तर ती उत्पादकाच्या खिशातून जाते, कमी असेल तर संघाच्या. शिवाय फॅट आणि एसएनएफ या दोन्हींच्या पॉइंटला एकच वजावट लावणारे पत्रक भुकटी महाग असतानाच्या काळातले आहे.