मित्राचा निकाह आणि मैत्रीचा हक्क

मित्राचा निकाह झाला की कट्ट्यावर एक वाक्य हमखास ऐकू येतं, "भाऊ आता बायकोचा झाला." नंदुरबार असो, शहादा असो की तळोदा, बोलणारे हसत बोलतात, पण त्यात तक्रार असते आणि ठपका बसतो नव्या नवरीवर. ज्या मुलीला यांनी नीट पाहिलेलंही नाही, ती यांची दोस्ती तोडायला आली असं गृहीत धरलं जातं.

यावर सहीह बुखारीतला एक प्रसंग लक्षात घेण्यासारखा आहे. मदिनेत प्रेषितांनी (स.) हजरत सलमान फारसी आणि हजरत अबू दर्दा यांच्यात भाईचारा जोडून दिला होता. एकदा सलमान मित्राच्या घरी गेले, तेव्हा उम्मे दर्दा अगदी साध्या, जुन्या कपड्यांत दिसल्या. विचारल्यावर कळलं की अबू दर्दा रात्रंदिवस इबादतीत मग्न आहेत, संसाराकडे त्यांचं लक्षच नाही. सलमान यांनी मित्राला रोजा सोडून आपल्यासोबत जेवायला लावलं, रात्री झोपायला लावलं आणि शेवटच्या प्रहरी दोघांनी मिळून नमाज पढली. मग त्यांनी मित्राला समजावलं की अल्लाहप्रमाणेच स्वतःच्या जिवाचा आणि बायकोचाही तुझ्यावर हक्क आहे. प्रेषितांच्या कानावर हे गेलं, तेव्हा त्यांनी सलमान यांचंच म्हणणं खरं ठरवलं.

इथे मित्राने बायकोच्या हक्काची बाजू घेतली. आपल्याकडे किती मित्र असं करतात? रात्री बारापर्यंत टपरीवर बसलेल्या दोस्ताला "ऊठ, घरी कुणी वाट पाहतंय" असं सांगणारा मित्रच खरा मित्र.

मुलांच्या दोस्तीची निदान चर्चा तरी होते. मुलींच्या मैत्रीची तर कुणी दखलही घेत नाही. रुखसती झाली की बालपणीची मैत्रीण संपली, असंच सगळे धरून चालतात. नंदुरबारची मुलगी नवापूरला दिली, तर दोन्ही गावं एकाच सुरत-भुसावळ रेल्वेमार्गावर आहेत. सुरतेला दिली तरी तीच गाडी. अडचण अंतराची नाही, परवानगीची आहे. फोन आला की "कोण होती? इतका वेळ काय बोलत होतीस?" अशी चौकशी होते. दोन-चार वेळा असं झालं की ती स्वतःच फोन करणं सोडून देते. पुढे सासरी काही दुखलं-खुपलं, तर मन मोकळं करायला तिच्याजवळ कुणी उरत नाही.

निकाह हा करार आहे. त्यात मेहर तिची, तिच्या नावावरची मालमत्ताही तिचीच राहते. मग तिची मैत्रीण तेवढी माहेरी का सोडायची?

म्हणून नवऱ्या मुलांना एवढंच सांगणं आहे. वलीम्याला आपले पन्नास दोस्त बोलावता, तेव्हा तिच्या दोन मैत्रिणींनाही आवर्जून बोलवा. ईदला मित्रांकडे शीरखुर्मा प्यायला जाता, तसं तिलाही तिच्या मैत्रिणीकडे घेऊन जा. आणि मागे राहिलेल्या मित्रांनी रुसून बसण्याऐवजी दोघांनाही जेवायला बोलवावं.