उण्णिकृष्णन म्हणजे आपला बाळकृष्ण

बंगळूरला नव्याने आलेल्या मराठी माणसाची मारतहळ्ळीत एक गंमत ठरलेली असते. आउटर रिंग रोडवर बसच्या पाटीवरची इंग्रजी अक्षरं तो वाचतो आणि खूश होऊन घरी फोन लावतो, "अगं, इथे चक्क मराठाहळ्ळी नावाचा भाग आहे!" मग कुणीतरी त्याला कन्नड पाटी वाचून दाखवतं. मारतहळ्ळी. पहिला मा दीर्घ, पुढे त, आणि ठ कुठेच नाही. हळ्ळी म्हणजे खेडं. नाव इंग्रजी अक्षरांतून फिरून आलं की असं होतं.

आजच्या सदरातलं नावही असंच इंग्रजीतून फिरून आपल्यापर्यंत आलं आहे. तुम्ही ते शेकडो वेळा वाचलं असेल. मराठी वर्तमानपत्रांत ते बहुधा 'उन्नीकृष्णन' असं छापतात. मूळ नाव आहे उण्णिकृष्णन.

आजींचा प्रश्न

हे नाव आज घ्यायचं कारण मारतहळ्ळीतल्याच एक आजी. मूळच्या सांगलीकडच्या. लेक आणि जावई दोघंही इथे नोकरीला. जावई केरळातले, पालक्काडचे. आजींना नातू झालाय, जेमतेम तीन आठवड्यांचा. जावयांचे वडील गेल्या वर्षी गेले. विहीणबाईंनी एकच गोष्ट मागितली आहे: नातवाला त्याच्या आजोबांचं नाव द्या. आजोबांचं नाव उण्णिकृष्णन.

आजींना नाही म्हणवत नाही आणि हो म्हणायला जीभ रेटत नाही. "केवढं लांबलचक नाव! उन्नी म्हणजे काय, तेही ठाऊक नाही. शाळेत पोरं चिडवतील. आणि वर म्हणतात, आमच्यात आडनाव नसतं. हे कसं चालायचं?"

तुमच्याही घरात, नात्यात किंवा शेजारी असा प्रश्न आज ना उद्या येईल. बंगळूर, पुणे, मुंबईत मराठी आणि मलयाळी घरांच्या सोयरिकी आता नवलाच्या राहिलेल्या नाहीत. म्हणून आजींचे तिन्ही प्रश्न एकेक करून पाहू.

उण्णी म्हणजे काय?

मलयाळममध्ये उण्णी म्हणजे बाळ, लहान मूल. लाडाने हाक मारायचा हा शब्द आहे. पुढचा शब्द कृष्ण. मलयाळममध्ये पुरुषाच्या नावाला शेवटी 'अन्' लागतो. रामाचा रामन होतो, नारायणाचा नारायणन, तसा कृष्णाचा कृष्णन. म्हणजे उण्णिकृष्णन या नावाचा मराठीत सरळ अर्थ बाळकृष्ण.

हा शब्द केरळात कुठे कुठे भेटतो ते पाहिलं की त्यातली माया कळते. उत्तर केरळच्या वीरगाथांतली तलवारबहाद्दर नायिका आहे उण्णियार्चा, म्हणजे मुलींच्या नावातही उण्णी चालतो. ख्रिस्ती घरांत नाताळच्या गोठ्यात ठेवलेल्या बाळ येशूला म्हणतात उण्णीशो. आणि तांदूळ, गूळ, केळं घालून केलेले लहान गोड अप्पे म्हणजे उण्णियप्पम. ते ज्या खळग्यांच्या भांड्यात करतात, तसंच आप्पेपात्र आपल्या स्वयंपाकघरातही असतं. लहान मुलांना नावाचा अर्थ सांगायचा असेल तर एकदा उण्णियप्पम करून खायला घाला, लक्षात राहील.

"पण मोठं झाल्यावरही बाळच म्हणायचं का?" आजींनी विचारलं. यावर आपल्याच घरात पाहा. टिळकांचं पाळण्यातलं नाव केशव होतं, घरातली हाक होती बाळ, आणि इतिहासात राहिली ती हाकच. कवी बा. सी. मर्ढेकरांच्या 'बा'चा अर्थ बाळच. कोल्हापूर जिल्ह्यातल्या आदमापूरच्या बाळूमामांपुढे हजारो लोक डोकं टेकतात, त्या नावातही बाळ आहे आणि मामाही आहे. मलयाळीतही हेच होतं. मोठ्या भावाला तिथे एट्टन किंवा चेट्टन म्हणतात. त्यामुळे सत्तरीच्या माणसालाही धाकटी भावंडं उण्णियेट्टन म्हणतात. म्हणजे आपला बाळदादा.

हे नाव गुरुवायूरचं

केरळात बाळकृष्ण म्हटलं की डोळ्यांसमोर येतं त्रिशूर जिल्ह्यातलं गुरुवायूर. तिथली मूर्ती शंख, चक्र, गदा, पद्म धारण केलेल्या चतुर्भुज विष्णूची. पण लोक तिच्याकडे बाळकृष्ण म्हणूनच पाहतात. लांबलांबून आईवडील बाळाला तिथे पहिला भात भरवायला आणतात. त्या विधीला चोरूण म्हणतात. चोरु म्हणजे भात, ऊण म्हणजे जेवण. आपलं उष्टावणच.

गुरुवायूरशी जोडलेली एक कथा केरळात घरोघरी सांगतात. पूंतानम नंबूतिरी हे सोळाव्या शतकातले भक्तकवी. फार वाट पाहिल्यावर त्यांना मुलगा झाला. त्याच्या उष्टावणाच्या दिवशी, पाहुण्यांच्या गर्दीत, तो दगावला. पूंतानम गुरुवायूरच्या देवाला शरण गेले आणि त्यांनी मलयाळममध्ये 'ज्ञानप्पाना' हे काव्य लिहिलं. मनात बाळकृष्ण असताना आपण मूल गमावलं असं का मानायचं, असा त्यांचा भाव. हे काव्य आजही केरळातल्या घरांत म्हटलं जातं.

त्यांचीच दुसरी कथा नावाच्या उच्चाराची आहे. पूंतानम संस्कृतात कच्चे होते. विष्णुसहस्रनाम म्हणताना 'अमरप्रभू' हे नाव ते 'मरप्रभू' असं म्हणत. अमरप्रभू म्हणजे देवांचा स्वामी. मलयाळममध्ये मरम म्हणजे झाड, तेव्हा मरप्रभू म्हणजे झाडांचा स्वामी! शेजारी बसलेले थोर पंडित मेल्पत्तूर नारायण भट्टतिरी हसले. तेव्हा गाभाऱ्यातून आवाज आला म्हणतात, की मी झाडांचाही स्वामी आहेच.

देवाने चूक गोड मानली. पण मूल देव नसतं. रोज हजेरीच्या वेळी आपलं नाव मोडून ऐकणाऱ्या मुलाला ते टोचतं. म्हणून पुढचा भाग.

मराठी माणसाला हा उच्चार अवघड नाही

मलयाळम लिपीत हे नाव लिहिताना 'ण्ण' असतो. इंग्रजीत न आणि ण यांना एकच अक्षर. तिथून उचलताना आपण 'उन्नी' केलं. वास्तविक मराठीत ण आहे, ळ आहे. 'अण्णा' आणि 'विठ्ठल' म्हणणाऱ्या जिभेला 'उण्णी' म्हणायला कसले कष्ट? अण्णामधला अ काढा आणि उ घाला, पुढे ऱ्हस्व इ. उ-ण्णि-कृष्-णन. चार तुकडे.

आजींना अण्णाचं उदाहरण दिलं तेव्हा त्या पहिल्यांदा हसल्या. त्यांच्या थोरल्या भावाला घरात अण्णाच म्हणतात.

नाव लांब वाटतं हे खरं. पण पुंडलिक, पांडुरंग, ज्ञानेश्वर ही नावं तरी कुठे आखूड आहेत? घरात हाक उण्णी अशीच पडणार. आणि चिडवण्याचं म्हणाल, तर पोरं कुठल्याही नावाला यमक जुळवतात. ज्या मुलाला आपल्या नावाचा अर्थ आणि गोष्ट ठाऊक असते, त्याच्यापाशी निदान उत्तर असतं.

आडनाव कुठे गेलं?

आता तिसरा प्रश्न, आजींना सगळ्यात जास्त सतावणारा. यासाठी एक नाव आठवा: मेजर संदीप उण्णिकृष्णन. जन्म १५ मार्च १९७७, कोझिकोडचा. वाढले बंगळूरात. सैनिकी शिक्षण पुण्याजवळच्या खडकवासल्याला, राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीत. २८ नोव्हेंबर २००८ रोजी मुंबईच्या ताज हॉटेलात अतिरेक्यांशी लढताना ते शहीद झाले. २६ जानेवारी २००९ रोजी त्यांना मरणोत्तर अशोकचक्र प्रदान झालं.

आपल्यापैकी बहुतेकांनी उण्णिकृष्णन हे त्यांचं आडनाव समजलं. ते आडनाव नाही. ते त्यांच्या वडिलांचं नाव आहे. वडील के. उण्णिकृष्णन, इस्रोतून निवृत्त झालेले अधिकारी. संदीप हे मुलाचं नाव, उण्णिकृष्णन हे वडिलांचं. मुंबईत, बंगळूरात, देशभरात लोक मेजर संदीपचं नाव घेतात तेव्हा प्रत्येक वेळी त्यांच्या वडिलांचंही नाव घेतात. आणि त्या नावाचा पहिला शब्द आहे बाळ. हे एकदा कळलं की ते नाव पूर्वीसारखं नुसतं वाचून पुढे जाता येत नाही.

आता आपली रीत पाहा. मुलाचं नाव, मग वडिलांचं, मग आडनाव. संदीप उण्णिकृष्णन ही आपल्याच रीतीतली पहिली दोन पावलं आहेत. तेव्हा मलयाळी माणसाच्या नावातला दुसरा शब्द बऱ्याचदा आपलं 'मधलं नाव' असतो. आडनाव म्हणून वाचलं की गोंधळ होतो, मधलं नाव म्हणून वाचलं की सगळं सरळ.

काही जण पुढे आद्याक्षर लावतात. कोकण रेल्वे उभी करणारे ई. श्रीधरन आपल्याला परके नाहीत. त्यांच्या 'ई' मागे एलाट्टुवळप्पिल हे घराचं नाव आहे. माजी राष्ट्रपती के. आर. नारायणन यांच्या नावात कोच्चेरिल हे घराचं आणि रामन हे वडिलांचं नाव. म्हणजे घराण्याची खूण त्यांच्याकडेही असते, फक्त ती शेवटी न येता आधी येते. सगळ्यांची पद्धत मात्र एकच नाही. मेनन, नायर, नंबूतिरी अशी कुळाची किंवा जातीची नावं लावणारेही आहेत.

कागदपत्रांचं आधीच ठरवा

मराठी-मलयाळी घरात खरा गोंधळ पाळण्याजवळ होत नाही, अर्जाच्या खिडकीजवळ होतो. एका कागदावर आद्याक्षर, दुसऱ्यावर पूर्ण नाव, तिसऱ्यावर आईचं माहेरचं आडनाव, असं झालं की पुढे वर्षानुवर्षं प्रतिज्ञापत्रं करत बसावं लागतं. म्हणून:

– जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत करा. नाव ठरलं नसेल तरी नोंद होते. नोंदणीनंतर १२ महिन्यांच्या आत नाव विनाशुल्क भरता येतं. त्यामुळे नोंदीच्या घाईत नावावरून भांडू नका.

– आद्याक्षराऐवजी वडिलांचं नाव पूर्ण लिहा. पासपोर्टच्या अर्जात नाव आणि आडनाव असे वेगळे रकाने असतात. तिथे काय लिहायचं ते आजच ठरवा.

– इंग्रजी स्पेलिंग एकच ठेवा. जन्मदाखला, आधार, शाळा, सगळीकडे तेच.

अठ्ठाविसावा दिवस

आपल्याकडे बारसं बाराव्या दिवशी. आत्या बाळाच्या कानात कुर्र करून नाव सांगते आणि पाठीत धपाटे खाते. केरळातल्या पुष्कळ हिंदू घरांत हा सोहळा अठ्ठाविसाव्या दिवशी असतो. त्या दिवशी बाळाच्या कमरेला काळा दोरा आणि ऐपतीप्रमाणे सोन्याचा करगोटा बांधतात. एका कानावर विड्याचं पान धरतात आणि दुसऱ्या कानात नाव तीनदा सांगतात. करगोटा आपलाच, विड्याचं पान आपलंच, कानात नाव सांगणंही आपलंच. फरक सोळा दिवसांचा.

आजींना हे सगळं पटलं का? लगेच नाही. त्या म्हणाल्या, "आमच्याकडचं मग काय राहिलं त्यात?"

त्यांना एवढंच विचारलं, की लेकीच्या लग्नात तिला काय दिलं होतं? मराठी घरातून मुलगी सासरी जाते तेव्हा सोबत अन्नपूर्णा आणि बाळकृष्ण देतात. पितळेचा, एका हातात लोण्याचा गोळा घेऊन रांगणारा बाळकृष्ण. आजींनीही दिला होता. सांगलीच्या पेठेतून स्वतः निवडून आणला होता. तो मारतहळ्ळीच्या फ्लॅटमधल्या देव्हाऱ्यात, गुरुवायूरच्या तसबिरीशेजारी बसलेला आहे. विहीणबाई आल्या की त्याला फूल वाहतात, आणि मलयाळममध्ये त्याचं नाव उण्णिकृष्णनच.

आजी थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "ण्ण जरा पुन्हा म्हणून दाखवा बघू."

तुमच्या वर्गात, ऑफिसात किंवा शेजारी कुणी उण्णिकृष्णन असेल, तर उद्या त्याला त्याच्या ण्ण सकट हाक मारून पाहा. आणि अर्थ ठाऊक आहे, हेही सांगा.